आधी प्रांतांकडे जा म्हणे!

संपादक महोदय,

कालचा अग्रलेख वाचला. उठसूट उच्च न्यायालयात धावणाऱ्यांना तुम्ही चांगलंच फैलावर घेतलंत. कायद्याने दिलेल्या अपिलाच्या पायऱ्या आधी चढा, मग वर या. ठीक आहे. अग्रलेख लिहिणाऱ्यांनी या पायऱ्या स्वतः कधी चढल्यात का, एवढंच विचारायचंय.

वडील गेल्यावर चुलत भावाने कसल्याशा वाटणीपत्रावर फेरफार (महसूल दप्तरात मालकाच्या नावात बदल) करून घेतला आणि सातबाऱ्यावरून माझं नाव गेलं. जमीन महसूल संहितेच्या कलम 150 ची, म्हणजे फेरफाराची नोटीस मला आलीच नाही. कळल्यापासून 60 दिवसांच्या आत प्रांतांकडे (उपविभागीय अधिकाऱ्यांकडे) अपील केलं. नियमाने वागतोय याचा तेव्हा अभिमानही वाटला होता. पुढची चार वर्षं दर तारखेला ऐकलं ते 'साहेब दौऱ्यावर', 'साहेब निवडणुकीच्या कामात', 'साहेब व्हीसीवर' (व्हिडिओ बैठकीत). एका साहेबांपुढे युक्तिवाद झाला, प्रकरण निकालासाठी बंद झालं आणि साहेबांची बदली झाली. नवे साहेब म्हणाले, पुन्हा ऐकतो. त्यांचीही बदली झाली. तिसऱ्या साहेबांपुढे आमचे वकील उभे राहिले तेव्हा कारकुनालाही तो युक्तिवाद पाठ झाला होता. (फी मात्र दर वेळी नवी.) दरम्यान भावाने त्या जमिनीवर पीककर्ज उचललं.

शेवटी उच्च न्यायालयात गेलो. नोटीसच नाही, नैसर्गिक न्यायाचा भंग आहे, अशा वेळी आधी अपील करायलाच हवं असं नाही, हा अपवाद सर्वोच्च न्यायालयाच्या 1998 च्या व्हर्लपूल निकालात मान्य आहे, असं वकील सांगू लागले. न्यायमूर्तींनी विचारलं, अपील प्रलंबित आहे ना, मग इथे कशाला? याचिका निकाली, प्रांतांनी तीन महिन्यांत निर्णय द्यावा. त्यांनी तो साडेसात महिन्यांनी दिला: वाद मालकी हक्काचा आहे, सक्षम दिवाणी न्यायालयात दाद मागावी, अपील फेटाळण्यात येत आहे. एवढंच लिहायला तीन साहेब लागले! आता यावर अपर जिल्हाधिकारी, मग अपर आयुक्त, मग मंत्रालय या पायऱ्या आहेतच. माझं वय 71.

फालतू याचिकांचे ढीग पडतात, मान्य. पण पर्यायी उपाय (म्हणजे अपिलासारखी दुसरी वाट) आधी वापरावा हे न्यायालयांनी स्वतःच स्वतःला घालून घेतलेलं बंधन आहे, राज्यघटनेतली भिंत नव्हे. 1976 च्या 42 व्या दुरुस्तीने अनुच्छेद 226 मध्ये (उच्च न्यायालयात याचिका करता येते ती तरतूद) तशी भिंत घातली होती. 1978 च्या 44 व्या दुरुस्तीने ती काढली. नागरिकशास्त्र शिकवायचो, म्हणून लक्षात आहे. आणि उपाय नुसता पुस्तकात असून काय उपयोग? जीएसटी 2017 मध्ये आला, पण त्याचं अपिलीय न्यायाधिकरण कित्येक वर्षं उभंच राहिलं नाही. अपिलाला जागाच नसलेले व्यापारी उच्च न्यायालयात गेले तर तेही उठसूट गेले का? तुमच्या अग्रलेखात यातलं अक्षर नाही. जागा नसेल. शेजारी ज्वेलर्सची जाहिरात होतीच म्हणा.

जाता जाता आणखी एक. गेल्या वर्षी याच विषयावर मी तुम्हाला पत्र पाठवलं होतं. तुम्ही मधला परिच्छेद उडवलात, आणि 'नोटीस दिली नाही' यातला 'नाही'सुद्धा. चुलत भावाने ते कात्रण प्रांतांपुढे पुरावा म्हणून ठेवलं. दुरुस्ती छापा म्हणून दोनदा फोन केला, 'बघतो' म्हणालात. प्रेस कौन्सिलकडे (वृत्तपत्रांविरुद्धच्या तक्रारी ऐकणाऱ्या संस्थेकडे) तक्रार करायची तर आधी संपादकांना लेखी कळवावं लागतं, असं आता समजलं. तेव्हा हे पत्र म्हणजे माझा पर्यायी उपाय समजावा. या वेळी 'नाही' तेवढा सांभाळा.

आपला,
एक अपीलकर्ता
(नाव-पत्ता सोबत दिला आहे, छापू नये. पुढचं अपील दाखल करायचंय.)