जबाब

प्रिय संज्या,

परवा फोनवर तू विचारलंस, पोलिसातली चांगली नोकरी सोडून डॉक्युमेंटरीचं काय काढलंस, आणि मी विषय टाळला कारण घरात सगळे होते. आता लिहितो.

व्हीआरएस मंजूर झाली. 20 वर्षं सर्व्हिस झालेली, 3 महिन्यांची नोटीस दिली, पेन्शन आहे, घर चालेल.

खरं कारण म्हणजे जबाब. समोरचा माणूस मालवणीत बोलायचा, मध्येच रडायचा, मूळ विषय सोडून होडीच्या कर्जाचं सांगत बसायचा, आणि मी लिहायचो, "समक्ष विचारल्यावरून सांगतो की..." सगळ्यांचे जबाब एकाच भाषेत, आमच्या. कोर्टाला तेच लागतं, त्याबद्दल तक्रार नाही, पण तो माणूस त्या कागदात कुठेच नसायचा रे. बोटीवर एलईडी लायटी लावून मासळी ओढणाऱ्यांशी राडा झाला की दोन्ही बाजूंना मीच विचारायचो. 12 सागरी मैलांपर्यंत राज्याची हद्द, एलईडीला बंदी, 1981 च्या सागरी मासेमारी कायद्यात 2021 ला दंड वाढवले, सगळं तोंडपाठ, पण रात्री किनाऱ्यावरून लांब समुद्रात लायटी पेटलेल्या दिसतात आणि सकाळी किनाऱ्यावरून ओढायच्या जाळ्यात, रापणीत, पाटीभर मासळी येत नाही, तेव्हा त्या माणसाच्या पोटात काय होतं ते कुठे लिहिणार?

1 जुलै 2024 पासून नवीन फौजदारी कायद्यात झडती-जप्तीचं व्हिडिओ शूटिंग कंपल्सरी झालं, तेव्हा मोबाईल धरून उभा राहायला लागलो. नियमाप्रमाणे पंचनामा झाला की शूटिंग बंद. मला मात्र त्यानंतर ज्याच्या घराची झडती झाली त्याची दारात उभी राहिलेली आई दिसत राहायची.

आता रापणीवर डॉक्युमेंटरी करतोय. दोन्ही टोकांनी दोर ओढणारी माणसं, मग वाळूवर बसून मासळीचे वाटे घालणं, हे अजून कुठे कुठे टिकलंय तेवढं तरी नीट यावं. वाऱ्याने आवाज पार खराब होतो, माईक शर्टाच्या आत लावावा लागतो. पण सगळ्यात अवघड गप्प बसणं आहे. चौकशीत माणूस थांबला की आम्ही लगेच पुढचा प्रश्न टाकायचो, ती सवय सुटता सुटत नाही. गेल्या आठवड्यात एक आजी बोलता बोलता थांबली, मी जीभ चावून बसलो, बराच वेळ नुसती गाज ऐकू येत होती, आणि मग ती आपणहून बुडालेल्या मुलाबद्दल बोलली. त्या केसचे कागद मीच केले होते संज्या, त्यात यातलं एक वाक्य नव्हतं. उठताना मला म्हणते, "सायबानू, सही खंय करूची?" मला काही सुचेना, मी तिचा हात धरून बसलो.

म्हणून तुझ्याकडे मागणं आहे. तुझ्या आबांनी आयुष्यभर रापण ओढली, मला ते हवेत. दिवाळीत येशील तेव्हा तूच विचार त्यांना, मी विचारलं तर साहेब आले म्हणून उठून उभे राहतील. आणि शूटिंगला तू शेजारी बस, नुसता बस.

तुझा,
बाळ्या