ओढा काठापाशी संपत नाही

मा. संपादक,
स.न.वि.वि.

ओढ्याच्या खोलीकरणाची बातमी आली की तिच्यात लांबी, रुंदी, खोली आणि काढलेला गाळ हे आकडे असतात. त्या ओढ्याला किती जमिनीवरचे पाणी येते, हा आकडा सहसा नसतो. मी बरीच वर्षे भूगोल शिकवला आहे, त्यामुळे ही उणीव मला फार खुपते.

हिशेब शाळकरी मुलालाही जमेल असा आहे. एक हेक्टर जमिनीवर १ मिलिमीटर पाऊस पडला, तर ते १० हजार लिटर पाणी होते. ओढ्याचे पाणलोट क्षेत्र, म्हणजे ज्या जमिनीवरचे पाणी त्याला येऊन मिळते ती जमीन, २० चौरस किलोमीटर असेल आणि पाऊस ५० मिलिमीटर झाला, तर १० लाख घनमीटर. यातले बरेच पाणी मुरते, काही झाडापाल्यावर अडते. उरलेले ओढ्यात किती येणार आणि किती वेळात येणार, हे मात्र पात्रात ठरत नाही, वरच्या उतारांवर ठरते. जमीन जेवढे पाणी मुरवून घेऊ शकते त्यापेक्षा पावसाचा जोर जास्त झाला की उरलेले पाणी वरून धावू लागते. उघडा पडलेला, तुडवून घट्ट झालेला माळ आणि गवताने झाकलेला माळ यांत फरक पडतो तो इथे.

पाणलोटाच्या आकाराकडे तर कोणी बघतच नाही. क्षेत्रफळ सारखेच असले, तरी गोलसर पाणलोटात सगळ्या ओहोळांचे पाणी साधारण एकाच वेळी मुखाशी पोचते आणि लोंढा उंच येतो. लांबट, चिंचोळ्या पाणलोटात जवळचे पाणी निघून गेल्यावर लांबचे येते. पूर जास्त वेळ टिकतो, पण पातळी तेवढी चढत नाही. म्हणून एका ओढ्यावर जमलेला उपाय शेजारच्या ओढ्यावर जसाच्या तसा लागू पडेल, असे धरून चालता येत नाही.

अमेरिकी जलशास्त्रज्ञ रॉबर्ट हॉर्टन यांनी १९४५ मध्ये प्रवाहांची श्रेणी लावण्याची पद्धत मांडली आणि १९५२ मध्ये भूगोलतज्ज्ञ आर्थर स्ट्रॅलर यांनी ती सोपी केली. ज्याला वरून दुसरा प्रवाह मिळत नाही, तो ओहोळ पहिल्या श्रेणीचा. असे दोन मिळाले की दुसरी श्रेणी. सहसा प्रत्येक श्रेणीचे प्रवाह तिच्या पुढच्या श्रेणीच्या तीन ते पाच पट असतात. म्हणजे ओढ्याच्या जाळ्यात सर्वांत जास्त संख्या बिननावाच्या, बहुतेक काळ कोरड्या राहणाऱ्या ओहोळांचीच असते. तेच नांगराखाली जातात, भरावाखाली बुजतात, आणि त्यांची बातमी होत नाही.

गाळ काढणे सगळीकडेच चूक आहे असे मी म्हणत नाही. बंधाऱ्यामागचा गाळ काढलाच पाहिजे. पण ओढ्याचा मूळ तळ खणला, तर खणलेल्या भागाच्या वरच्या टोकाला पायरी तयार होते. पाणी ती पायरी कुरतडत जाते आणि झीज वरच्या अंगाला सरकते. येऊन मिळणाऱ्या ओहोळांची मुखे उंचावर लटकतात, मग तेही आपला तळ खोल करू लागतात, काठ ढासळतात. शिवाय पाऊस थांबल्यावर ओढा वाहतो तो काठच्या जमिनीतून पाझरणाऱ्या पाण्यावर. तळ भूजलाच्या पातळीखाली गेला की हा साठा लवकर रिकामा होतो. पाणी साठवायला खणलेला ओढा अशा वेळी पाणी काढून नेणारा चर होतो. काम माथा ते पायथा करायचे, हे तत्त्व सगळ्यांना पाठ आहे, पण यंत्र उतरते ते थेट पायथ्याला.

पाणलोटाची सीमा काढणे अवघड नाही. समोच्च रेषांच्या, म्हणजे सारख्या उंचीच्या जागा जोडणाऱ्या रेषांच्या नकाशावर दरीत या रेषांचे टोक चढाकडे वळलेले दिसते, डोंगराच्या सोंडेवर उताराकडे. ओढ्याच्या मुखापासून निघून सोंडेसोंडेने माथ्यावर जायचे आणि दुसऱ्या बाजूने परत मुखाशी यायचे. (जमिनीखालच्या पाण्याची सीमा नेहमी हिच्याशी जुळेलच असे नाही, पण सुरुवात इथूनच होते.) माझे विद्यार्थी एका तासात हे शिकत.

तेव्हा एक विनंती आहे. यापुढे ओढ्याच्या कामाची बातमी देताना त्याच्या पाणलोटाचे क्षेत्रफळ विचारून घ्यावे, आणि जागा असेल तेव्हा माथ्याची रेषा दाखवणारा छोटा नकाशा छापावा. क्षेत्रफळ कोणाला सांगता आले नाही, तर तेही बातमीत लिहावे.

आपला,
भूगोलाचा एक निवृत्त शिक्षक