निकालाच्या कागदावरचे तीन फुल्यांचे रकाने

चि. सोनूस,
अनेक आशीर्वाद.

फोनवर बोलायला गेलो की माझा आवाज चढतो आणि तू गप्प बसतेस, म्हणून पत्र लिहितोय. परवा बांबूउडीच्या स्पर्धेहून परत येताना कराड येईपर्यंत तू एक शब्द बोलली नाहीस. टेम्पोच्या टपावर पोल बांधलेला, त्याच्या शेपटाला आपण नेहमीसारखं लाल फडकं लावलेलं, आणि तू सगळा वेळ आरशातून त्या फडक्याकडे बघत होतीस. अशा वेळी मी विचारलं, "दोन मीटर ऐंशीपासून कशाला सुरुवात केलीस? दोन साठला उडी मारली असतीस तर निदान एक आकडा तरी नावापुढे लागला असता."

बाळा, ती विचारायची वेळ नव्हती. चुकलं माझं. रात्रभर ते मनाला लागून राहिलं.

निकालाचा कागद मी घडी घालून खिशात ठेवला होता. दुकानात आल्यावर उघडला. तुझ्या नावापुढे तीन फुल्या, म्हणजे तीन चुकलेल्या उड्या, आणि शेवटच्या रकान्यात एनएच, म्हणजे एकही उंची पार नाही. बारा वर्षांच्या मेहनतीपुढे, मल्लखांबाची आठ वर्षं आणि या बांबूउडीची चार, एवढीच दोन अक्षरं. ती बघून माझ्या पोटात कालवलं, तर तुला काय झालं असेल.

मग रशियाच्या बांबूउडीवाल्या येलेना इसिनबायेवाचं सगळं जुनं काढून वाचलं. तिचा फोटो तुझ्या कपाटावर लावलेला आहे, पण तिच्या नावापुढेही हाच निकाल लागला होता हे मला माहीत नव्हतं. तोही एकदा नाही, दोनदा.

ती व्होल्गोग्राडची. वडील प्लंबर, म्हणजे आपल्यासारखंच हातावरचं घर. पाचव्या वर्षी जिम्नॅस्टिक्सला घातलं, पंधराव्या वर्षापर्यंत तेच केलं, आणि मग उंची वाढत गेली. जिम्नॅस्टसाठी ती फार उंच झाली. तुझ्या वस्तादांनी तुला "आता दोरीवर तुझे पाय लांब पडतात" म्हटलं होतं, तो दिवस आठवतो ना? घरी येऊन तू ताटावरून उठली होतीस. तिच्याही बाबतीत तेच घडलं. तिला बांबूउडीचे प्रशिक्षक येवगेनी त्रोफिमोव्ह यांच्याकडे नेलं गेलं. ही 1997 च्या आसपासची गोष्ट, आणि तोपर्यंत ऑलिम्पिकमध्ये मुलींची बांबूउडी झालेलीच नव्हती. पुरुष 1896 पासून उडी मारत होते. बायकांना ती जागा मिळाली थेट 2000 साली, सिडनीत. जो खेळ ऑलिम्पिकमध्ये अजून आलेलाच नाही, त्यात आपली पोर घालायची, याला आईबापाचं काळीज लागतं.

सिडनीत ती होती, अठरा वर्षांची. पात्रता फेरीतच एकही उंची पार झाली नाही. सुवर्ण अमेरिकेच्या स्टेसी ड्रॅगिलाने 4.60 मीटरवर नेलं. महिलांच्या पहिल्यावहिल्या ऑलिम्पिक बांबूउडीत इसिनबायेवाच्या नावापुढे तुझ्यासारख्याच फुल्या आहेत.

त्यानंतरचं तुला तोंडपाठ आहे, तरी अथेन्सचं लिहितोच, कारण ते मला नव्याने कळलं. 2004 ची अंतिम फेरी. 4.70 ला एक चूक. ती पुढे 4.75 ला गेली, तिथेही चूक. लागोपाठ तीन चुका झाल्या की खेळ संपला, हा नियम तू मला समजावला होतास. उंची बदलली म्हणून आधीच्या चुका पुसल्या जात नाहीत. म्हणजे हातात एकच उडी उरली होती, आणि ती तिने 4.80 साठी राखली. गेली ती पार. मग 4.85, आणि शेवटी 4.91, नवा विश्वविक्रम आणि सुवर्णपदक. आधीच्या दोन उड्या चुकल्यात हे ती विसरली होती असं मला वाटत नाही. पोल हातात घेऊन ती स्वतःशी काहीतरी पुटपुटायची, ते पूर्ण होईपर्यंत धावायचीच नाही. दोन उड्यांच्या मधे डोक्यावर पांघरूण ओढून पडून राहायची. आपली मंडळी असं कुणी केलं तर म्हणतील, नखरे बघा पोरीचे. मीही तुला रविवारी "सगळ्यांशी नीट बोल, तोंड पाडून बसू नकोस" म्हणालो होतो. यापुढे म्हणणार नाही. तुला टॉवेलखाली बसायचं असेल तर बस, बाहेर मी सांभाळतो.

2005 मध्ये लंडनला तिने 5 मीटर पार केले, बायकांमध्ये पहिल्यांदा. आपल्या दुकानाच्या पत्र्याची वळचण किती उंच आहे ते मी टेप लावून बघितलं. साडेतीन मीटर. त्याच्यावर आणखी एक माणूस जवळजवळ उभा राहील, तिथवर ती पोरगी पाय वर आणि डोकं खाली करून गेली. आणि त्यानंतर काय केलं? जगात कुणी जवळपास नसताना ती इटलीत प्रशिक्षक विताली पेत्रोव्ह यांच्याकडे गेली आणि आपलं तंत्र पुन्हा पहिल्यापासून घासू लागली. हे मला सगळ्यात मोठं वाटतं, सोनू. चाललेली मशीन उघडायची हिंमत माझ्यासारख्या फॅब्रिकेशनवाल्याला चांगली कळते. जिंकत असताना ती उघडणं तर फारच अवघड.

2008 ला बीजिंगमध्ये 5.05 आणि दुसरं ऑलिम्पिक सुवर्ण. पुढच्या वर्षी बर्लिनची जागतिक स्पर्धा. तिथे तिने थेट 4.75 वर सुरुवात केली. एक चूक, मग 4.80 ला दोन. संपलं. पुन्हा एकही उंची नाही. पोलंडच्या आना रोगोव्हस्काने त्याच 4.75 वर सुवर्ण नेलं. म्हणजे मी तुला गाडीत विचारलेला प्रश्न तिलाही लागू होतो. खालून का नाही सुरू केलंस? बर्लिनची तारीख 17 ऑगस्ट. 28 ऑगस्टला झुरिचमध्ये ती 5.06 वरून गेली. बायकांचा मैदानी विश्वविक्रम तोच आहे, अजून कुणी मोडलेला नाही. मधे अकरा दिवस.

तू अकरा दिवसांत काही करून दाखव असं मी म्हणत नाही. तिचंही पुढे सरळ गेलं नाही. 2010 ला दोहाच्या जागतिक इनडोअर स्पर्धेत चौथी आली, मग खेळापासून बाजूला झाली, परत त्रोफिमोव्हकडे व्होल्गोग्राडला आली. लंडनला 2012 मध्ये कांस्य. 2013 ला मॉस्कोत, घरच्या लोकांपुढे, 4.89 मारून जागतिक विजेती. पुढे मुलगी झाली, पुन्हा सराव धरला, पण डोपिंग प्रकरणामुळे रशियाच्या अॅथलेटिक्स संघावर बंदी आली आणि रिओ ऑलिम्पिकमध्ये उडी मारता आली नाही. तिथेच 2016 मध्ये तिने खेळ थांबवला. मैदानाबाहेर ती जे बोलली त्यातलं बरंच मला पटलेलं नाही, तू मोठी झालीस, तेही वाच आणि तुझं मत तू कर. मी फक्त तिच्या पायात आणि खांद्यात काय होतं ते बघतोय.

आता आपलं. तुझ्या तिन्ही उड्यांचा व्हिडिओ मी मोबाईलवर पंचवीस वेळा तरी बघितला. पहिली आणि तिसरी बारला छातीने लागली, म्हणजे उंची तुझ्यात होती. दुसऱ्या उडीत पोल नीट वाकलाच नाही, तू पिटाच्या, म्हणजे पडायच्या गादीच्या, अलीकडेच अडकलीस. नवा पोल आधीच्यापेक्षा कडक आहे, समोरून वारा होता, आणि शेवटच्या चार पावलांत तू आखडलीस. हे माझं बापाचं आणि वेल्डरचं निरीक्षण. सरांना दाखव, ते सांगतील ते खरं. पण हे दुरुस्त होण्यासारखं आहे, एवढं मला दिसतं. दोन ऐंशीपासून सुरुवात करणं हा तुझा हिशेब होता, तो तुझाच राहू दे.

मागच्या अंगणात पोलाचं टोक टेकवायची पेटी बसवायचं काम कालपासून काढलंय. एक मीटर लांब, पुढून साठ सेंटीमीटर रुंद, मागे पंधरा, खोली वीस. तू कागदावर काढून दिलं होतंस तेच माप. तळाचा पत्रा घासून गुळगुळीत केलाय, पोलाचं टोक अडकणार नाही. कडेला रबर लावायचं राहिलंय. शनिवारी सुट्टीला आलीस की तू स्वतः हात फिरवून बघ, कुठे बोचलं तर सांग.

आईने मेतकूट आणि तूप काढून ठेवलंय. पोल होस्टेलवरून आणू नकोस, जुनाच दुकानात आहे, तो पुरेल. तो निकालाचा कागद माझ्याकडेच आहे. तुला हवा असेल तर देईन, नको असेल तर माझ्या खिशातच राहू दे.

तुझे,
बाबा