बाई, माझी पोरगी अजून 'कामून'च म्हणते

आदरणीय बाई,
सा. न. वि. वि.

घरातलं चव्हाट्यावर कामून आणलंस, असं म्हणाल. म्हणा. पण तुमच्या जिन्याखालच्या पुस्तकांच्या कपाटाचं ऋण मला चारचौघांतच सांगायचंय.

२०१८ साली अकरावीला लातूरला आले, तुमच्या माडीवरच्या खोलीत आम्ही तिघी. सोयाबीनच्या पट्टीतून क्लासची फी भरलेली, त्यामुळं फिजिक्स सोडून दुसरं काही वाचणं म्हणजे बापाच्या पैशाची चोरीच वाटायची. एका रविवारी लाइट गेली म्हणून खाली आले, तर तुम्ही ते पुस्तक हातात दिलंत. अमेरिकन लेखिका जेनी हॅनचं 'टू ऑल द बॉइज आय हॅव लव्हड बिफोर'. मुखपृष्ठ निघालेलं, अवघड शब्दांखाली तुमच्या पेन्सिलीच्या रेघा. हॅटबॉक्स म्हणजे काय विचारलं, तर तुम्ही आतून बांगड्यांचा डबा आणून समोर ठेवला. "याच्याएवढा मोठा धर. आईनं दिलेला. पोस्टात न टाकलेली पत्रं ह्यात." मग त्या पुस्तकाची नायिका लारा जीन मला औशाच्या बसमध्येसुद्धा दिसायला लागली.

त्याच ऑगस्टात नेटफ्लिक्सवर सिनेमा आला. तुमच्या मोबाइलवर चौघींनी पाहिला, दोनदा अडकत. पुढचे दोन आले तेव्हा मी लातूर सोडलं होतं. (दुसरा मला फार आवडला नाही, हे तुम्हाला कधी सांगितलं नाही.) २०२२ मध्ये 'द समर आय टर्न्ड प्रिटी' मालिका झाली, तेव्हा जेनी हॅन नुसत्या मूळ लेखिका राहिल्या नव्हत्या, मालिकेची सूत्रंच त्यांच्या हातात होती. पडद्यावरच्या बेलीची आई त्यांनी कोरियन वंशाची केली. दोन सख्ख्या भावांत अडकलेली ती पोरगी बघून तुमचा फोन आला होता, "हिच्या घरी कळलं तर काय होईल गं?"

पण खरे आभार गेल्या वर्षीच्या फोनचे. माझ्या कथेवर वेब सीरिज करू म्हणणाऱ्यांनी एक अट घातली होती: नायिका शुद्ध बोलेल, मेसवाली मावशी तेवढी मराठवाडी बोलू दे, लोक हसतील. पैसे बरे होते. मी जवळजवळ हो म्हणालेच होते. रात्री साडेदहाला तुम्हाला फोन लावला, तर तुम्ही सरळ जेनी हॅनवर गेलात. लारा जीन कोरियन-अमेरिकन. पण सिनेमावाले म्हणाले, तिचा स्वभाव उतरला म्हणजे झालं, वंशाचं काय एवढं? तिचा स्वभावच आशियाई-अमेरिकन आहे, असं हॅननं सांगितलं. तशी नटी घ्यायला एकच कंपनी तयार झाली, हॅन त्यांच्याकडं गेली. एवढं सांगून तुम्ही म्हणालात, "सही कर नाहीतर नको करू. पोरीच्या तोंडातलं 'कामून' काढू नको."

नाही केली सही. कथा एका दिवाळी अंकात आली, मानधनात चांगली चप्पल आली. दुसरी कंपनी अजून तरी दारात आलेली नाही. पण त्या कथेतली पोरगी पहिल्याच पानावर म्हणते, "असं कामून बोलायलास?" आणि त्या वाक्यावर कुणीही हसत नाही.

पुस्तक माझ्याकडंच आहे, हे तुम्हाला ठाऊक असणारच. दिवाळीत आणून देते. मधल्या पानांवर मेसच्या वरणाचा पिवळा डाग आहे, तो माझा. शेजारणीवर घालू नका.

तुमची,
माडीवरची, खिडकीजवळच्या पलंगावरची