झिंग्यांच्या सॅलडला समुद्रच हवा असे नाही

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत व्हिएतनामी पद्धतीच्या सी-फूड नूडल सॅलडची कृती छापून आली होती. कृती वाचायला देखणी होती, छायाचित्रही उत्तम होते. परंतु गोठवलेल्या मिश्र सी-फूडचे पाकीट, फिश सॉसची बाटली, राईस नूडल्स आणि थाई बेसिल हे सारे जिन्नस 'कोणत्याही सुपरमार्केटमध्ये सहज मिळतात' असे एक वाक्य टाकून लेखिकेने ग्रामीण वाचकाला पहिल्याच परिच्छेदात दाराबाहेर उभे केले. गोंदिया, भंडारा, गडचिरोलीच्या गावांत किराणा दुकान आणि आठवडी बाजार एवढाच आमचा पसारा. तरीही हा पदार्थ आमच्याकडे होऊ शकतो आणि चांगला होऊ शकतो, असे माझे मत आहे. त्यासाठी कोणता जिन्नस बदलला तर चालतो, कोणता बदलला तर पदार्थच बदलतो, हे सांगणे आवश्यक होते आणि नेमके तेच त्या कृतीत नव्हते.

व्हिएतनामला तीन हजार किलोमीटरहून अधिक लांबीचा किनारा आहे, म्हणून तिथले सगळे खाणे समुद्रातूनच येते असा आपला समज होतो. प्रत्यक्षात तो देश जितका समुद्राचा, तितकाच भाताच्या बांध्यांचा, कालव्यांचा आणि नद्यांचा आहे. उत्तरेला लाल नदीचा आणि दक्षिणेला मेकाँगचा त्रिभुज प्रदेश ही त्याची भाताची कोठारे होत. मेकाँगच्या खोऱ्यात गोड्या पाण्यातला मोठा निळ्या नांगीचा झिंगा, ज्याला आपल्याकडचे मत्स्यपालक स्कॅम्पी म्हणतात, तो भाताच्या शेतांतही वाढवला जातो. दक्षिणेत 'गोई' आणि उत्तरेत 'नोम' या नावांनी ओळखल्या जाणाऱ्या तिथल्या कोशिंबिरींत जे हाताशी असेल ते पडते. त्यामुळे तलावातल्या झिंग्यांचे सॅलड म्हणजे काही मूळ पदार्थाची नक्कल नव्हे. भात आणि तलाव यांवर जगणाऱ्या आमच्या मुलखाला तो उलट शहरापेक्षा जवळचा आहे.

आमच्या भागातले मालगुजारी तलाव कोहळी समाजाने बांधले आणि त्यांतली मासळी ढिवर बांधव पिढ्यान्पिढ्या काढत आले. बाजारात त्यांच्या बायका पळसाच्या पानांवर झिंग्यांचे वाटे लावून बसतात. वाटा उचलण्यापूर्वी तो नीट पाहावा. ताजा झिंगा काचेसारखा आरपार, किंचित हिरवट-करडा दिसतो, त्याचे डोके धडाला घट्ट चिकटलेले असते आणि वासात पाण्याशिवाय फारसे काही नसते. डोके लोंबू लागले, कवचाखाली काळे डाग दिसू लागले किंवा नाकाला झणका बसला, तर तो वाटा कितीही स्वस्त असला तरी सोडून द्यावा. साफ केल्यावर निम्म्याहून बरेच कमी उरते, हे धरूनच घ्यावे. चौघांच्या सॅलडला किलोभर झिंगे लागतात, अर्धा किलोत भागत नाही. डोके आणि मिशा काढल्यावर पाठीवर सुरीच्या टोकाने हलकी रेघ ओढून काळा दोरा काढून टाकावा. अगदी बारीक झिंग्यांना हा खटाटोप करणे शक्य नसते आणि तसे झिंगे या पदार्थासाठी घेऊही नयेत. ते कांद्यात परतूनच गोड लागतात.

तलावाच्या मासळीला चिखलाचा वास येतो, अशी शहरातल्या पाहुण्यांची नेहमीची तक्रार असते. ती खोटी नाही. पाण्यातले शेवाळवर्गीय जिवाणू आणि मातीतले काही सूक्ष्मजीव जिओस्मिन नावाचे द्रव्य तयार करतात, पहिल्या पावसानंतर मातीला येणारा सुगंधही त्याचाच, आणि तेच माशाच्या मांसात उतरते. हे द्रव्य आंबटापुढे टिकत नाही. म्हणून झिंग्यांना मीठ, हळद आणि लिंबू चोळून पंधरा मिनिटे ठेवावे व मग धुवावे. सॅलडच्या रसातही लिंबूच मुख्य असल्यामुळे हा पदार्थ तलावाच्या झिंग्याला जितका मानवतो तितकी रस्साभाजीही क्वचितच मानवत असेल.

मात्र इथेच आपल्या पुरवणीतील एका वाक्याला माझी गंभीर हरकत आहे. 'लिंबाच्या रसात मुरवलेली कोळंबी शिजवल्यासारखीच होते' असे तिथे म्हटले आहे. आंबटामुळे मांस पांढरे पडते आणि घट्ट होते, हे खरे. पण त्यातले जंतू आणि कृमी त्याने मरतात असे नाही. गोड्या पाण्यातल्या कच्च्या मासळीतून यकृतातल्या कृमींचा संसर्ग होतो आणि उत्तर व्हिएतनाममध्ये, जिथे कच्च्या माशाची कोशिंबीर आवडीने खाल्ली जाते, तिथे तो आढळलेला आहे. तेव्हा झिंगे उकळत्या पाण्यात टाकून पुरते शिजवावेत. मध्यम झिंग्यांना दोन ते तीन मिनिटे पुरतात. आरपार दिसणारे मांस पूर्ण अपारदर्शक आणि बाहेरून नारिंगी झाले की लगेच काढून गार, उकळून निववलेल्या पाण्यात सोडावेत. त्यापुढे शिजू दिले की ते आक्रसून चिवट होतात. ज्यांना कवचाच्या मासळीची किंवा शेंगदाण्याची ॲलर्जी आहे त्यांनी या पदार्थाच्या वाटेला जाऊ नये, हेही छापायला हवे होते.

नूडल्सचे सांगायचे तर व्हिएतनाममध्ये त्यांना 'बुन' म्हणतात आणि त्या निव्वळ तांदळाच्या असतात. तांदूळ भिजवून, वाटून, त्याचे पीठ छिद्रांच्या साच्यातून थेट उकळत्या पाण्यात पाडतात. आमच्या घरोघरी सोऱ्या असतो आणि तांदूळ तर कोठीत भरलेलाच असतो. जुन्या, मोकळा शिजणाऱ्या तांदळाचे पीठ घ्यावे. नव्या किंवा चिकट तांदळाच्या पिठाच्या शेवया एकमेकींना धरून बसतात. उकळत्या पाण्यात चिमूटभर मीठ व चमचाभर तेल घालून पिठाची उकड काढावी, सोसवेल तितकी गरम असतानाच ती मळावी, तेल लावलेल्या ताटलीवर सोऱ्याने शेवया पाडाव्यात आणि आठ-दहा मिनिटे वाफवाव्यात. कोकणातले शिरवाळेही तांदळाच्या उकडीचेच असतात. पूर्ण निवल्यावर तेलाच्या बोटांनी त्या सुट्या कराव्यात. नागपूरला जाणे झाले तर तांदळाच्या वाळलेल्या शेवयांचे पाकीट आणावे; त्यांवर उकळते पाणी ओतून चार-पाच मिनिटांनी गार पाण्यातून काढले की काम झाले. उन्हाळ्यात वाळवून ठेवलेल्या आपल्या गव्हाच्या शेवया मात्र इथे वापरू नयेत, त्यांचा लगदा होतो.

सॅलडचा जीव त्याच्या रसात आहे. तिथे या रसाला 'नुओक चाम' म्हणतात आणि त्याचा आधार म्हणजे 'नुओक माम', अर्थात फिश सॉस: मासळी आणि मीठ लाकडी पिंपांत वर्षभर मुरवून गाळलेला तांबूस रस. ही मासळी म्हणजे बोटाएवढ्या अँकोव्ही जातीची. फु क्वोक बेटावरचा असा रस इतका नावाजलेला आहे की 2012 मध्ये युरोपीय संघाने त्याला भौगोलिक नावाचे संरक्षण दिले. ही बाटली आता टपालाने मागवता येते आणि एकदा आणली की बरेच दिवस टिकते, म्हणून ज्यांना जमेल त्यांनी ती घ्यावीच. चौघांसाठी तीन मोठे चमचे लिंबाचा रस, तीन चमचे हा मत्स्यरस, दोन चमचे साखर आणि चार चमचे कोमट पाणी घेऊन आधी साखर विरघळवावी, मग ठेचलेला लसूण आणि बारीक चिरलेली मिरची घालावी. मिरची भिवापुरी असेल तर हात आखडता घ्यावा. या रसात आंबट, गोड, खारट आणि तिखट यांपैकी कोणीही एकट्याने बोलता कामा नये. मीठ वेगळे मुळीच घालू नये. 15 मिलिलिटरच्या एका चमचा मत्स्यरसात सुमारे 1400 मिलिग्रॅम सोडियम असते, म्हणजे तीन चमचे चौघांत वाटले तरी प्रत्येकाच्या वाट्याला हजाराहून अधिक येते आणि जागतिक आरोग्य संघटनेने मोठ्या माणसासाठी सांगितलेली दिवसभराची मर्यादा 2000 मिलिग्रॅमची आहे. रक्तदाब असलेल्यांनी मत्स्यरस एका चमच्यावर आणावा आणि लिंबू-लसूण वाढवावे.

बाटली नसेल तर? अनेकजण सोया सॉस घाला असे सुचवतात. तो घातला की चव चायनीजच्या गाडीकडे जाते. त्यापेक्षा आपली सुकट बरी. मूठभर सुकट निवडून, कोरडी भाजून, कपभर पाण्यात मीठ घालून ते पाणी निम्मे होईपर्यंत उकळावी आणि कपड्यातून गाळावी. हा रस मुरलेला नसतो, त्यामुळे त्यात त्या बाटलीची खोली येत नाही, हे मान्य करूनच तो वापरावा. परंतु वास आणि चव मासळीच्याच घराण्यातली राहते.

बाकीचे सामान सोपे आहे. काकडी, गाजर, मुळा यांचे लांब बारीक काप, भरपूर कोथिंबीर व पुदिना, वरून भाजून जाडसर कुटलेले शेंगदाणे आणि कुरकुरीत तळलेला कांदा. थाई बेसिलच्या जागी अंगणातली तुळस घालण्याचा सल्ला हल्ली सर्रास दिला जातो, तो चुकीचा वाटतो, कारण आपल्या तुळशीचा वास लवंगेकडे झुकतो आणि थाई बेसिलचा बडीशेपेकडे. सब्जाचे झाड त्याच्या सख्ख्या नात्यातले आहे. त्याची कोवळी पाने खुडून घालावीत. रस मात्र अगदी वाढतेवेळी कालवावा. आधी कालवला तर काकडी पाणी सोडते, शेवया तो पिऊन घेतात आणि ताटात नुसता ओलसर गोळा उरतो.

आणखी दोन गोष्टी पुरवणीने आवर्जून छापाव्यात, कारण त्या अस्सल व्हिएतनामी असूनही आमच्या अगदी दारातल्या आहेत. कच्च्या आंब्याच्या किसात वाळवलेली कोळंबी घालून तिथे कोशिंबीर करतात. एप्रिल-मे महिन्यांत आमच्याकडे कैऱ्या आणि सुकट दोन्ही मुबलक असतात. दुसरी कमळाच्या कोवळ्या देठांची आणि कोळंबीची. आमच्या तलावांत कमळ आहे, झिंगा आहे. जून झालेली जाड कमळकाकडी तेवढी टाळावी, तिच्यातल्या तारा दातांत अडकतात.

माकूळ (स्क्विड), शिंपल्या, समुद्री कोळंबी हवीच असेल त्यांनी ती नागपूरच्या बाजारातून हिवाळ्यात, बर्फात बांधून आणावी आणि त्याच दिवशी शिजवावी. माकळाच्या चकत्यांना उकळत्या पाण्यात जेमतेम मिनिटभर द्यावे, नाहीतर त्यांचे रबर होते. मे महिन्यात पारा 45 च्या पुढे गेलेला असताना एसटीच्या टपावरून आलेल्या समुद्री मासळीच्या ताजेपणाची खात्री मला तरी देववत नाही. शिजवलेले झिंगेही 32 अंशांच्या वर तासाभरापेक्षा जास्त बाहेर ठेवू नयेत, असा सर्वमान्य दंडक आहे. आमच्या उन्हाळ्यात याचा अर्थ पंगतीची पाने मांडून झाल्यावरच सॅलड कालवायचे.

आपणास विनंती एवढीच, की पाककृतीच्या चौकटीत प्रत्येक जिन्नसासमोर त्याचा पर्याय आणि त्या पर्यायाने चवीत पडणारा फरक एका ओळीत द्यावा. चमचा म्हणजे किती मिलिलिटरचा, तेही लिहावे, कारण आमच्या घरातले पोह्यांचे चमचे एका मापाचे नसतात आणि मत्स्यरसासारख्या खारट जिन्नसात तो फरक जिभेला लगेच कळतो. शिवाय जून आणि जुलै महिन्यांत पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक नौकांना मासेमारीची बंदी असते. त्या काळात समुद्री मासळीची कृती छापायचीच झाली, तर निदान तिच्या शेजारी तलावाच्या झिंग्यांची किंवा सुकटीची कृती द्यावी.

कळावे,
आपला नम्र,
एक नियमित वाचक
तालुका अर्जुनी मोरगाव, जिल्हा गोंदिया