आमच्या साउंड रेकॉर्डिस्ट दादांना

प्रिय दादा,

फिल्म परवा लॉक झाली, म्हणजे आता एडिटमध्ये बदल नाही. 11 मिनिटं, एकच पात्र, संवाद एकही नाही. श्रेयनामावलीत तुमच्या नावापुढे नुसतं 'ध्वनी' लिहिलंय. तेवढ्याने भागत नाही, म्हणून हे जाहीर पत्र.

बंद पडलेल्या कारखान्यातला एकटेपणा म्हणजे वाइड लेन्स आणि कोपऱ्यात मुंगीएवढा माणूस, यापलीकडे माझी मजल गेली नव्हती. आवाजाचं काय, असं तुम्ही विचारलंत तेव्हा मी म्हणालो, तिथे आहेच काय, सगळं शांत! तुम्ही हसलात. मग प्रत्येक शेडमध्ये अख्ख्या युनिटला पुतळ्यासारखं उभं करून मिनिटभर रूम टोन, म्हणजे त्या रिकाम्या जागेचा स्वतःचा आवाज, घेतलात. ऊन निघून चाललं होतं आणि मी मनातल्या मनात चरफडत होतो. एडिटला बसल्यावर कळलं, की ट्रॅक पूर्ण कोरा सोडला तर एकटेपणा जाणवत नाही, स्पीकर बिघडलाय असं वाटतं.

दिवसभर तापलेले पत्रे संध्याकाळी आकसायला लागतात आणि टक्, टक् वाजतात. छताच्या कैचीला काँटॅक्ट माइक (वस्तूची थरथर टिपणारा माइक) चिकटवून तुम्ही तेही पकडलंत. वर कुणीतरी चालतंय असंच वाटतं. पात्र मान वर करून बघतं तो शॉट पटकथेत नव्हता.

आणि तो पाइप! चांगला 60 मीटर लांब. मला एका टोकाला कान लावून बसवलंत आणि दुसऱ्या टोकाला जाऊन पान्याने एकदाच ठोकलंत. मला ठोके दोन ऐकू आले. लोखंडातून आवाज सेकंदाला सुमारे 5,000 मीटर धावतो, हवेतून जेमतेम 340. त्यामुळे हवेतला ठोका सेकंदाच्या सहाव्या हिश्श्याने मागून आला. तुमच्या लेखी हे शाळेतलं विज्ञान. मला मात्र क्षणभर वाटलं, तिकडे दोघं जण आहेत. आता फिल्मच्या शेवटी पात्राला तसेच दोन ठोके ऐकू येतात आणि ते पाइपच्या कडेकडेने चालू लागतं. माझा मूळ शेवट काय होता ते कृपा करून कुणाला सांगू नका.

रफ कटवर, म्हणजे पहिल्या कच्च्या एडिटवर, मी सिंथेसायझरचं उदास संगीत पसरून ठेवलं होतं. तुम्ही टीका केली नाहीत, तो ट्रॅक म्यूट केलात आणि पुन्हा पहिल्यापासून लावलंत. सगळ्यात मोठे आभार त्याचे. (संगीतकार मित्र अजून माझ्याशी बोलत नाही, ते सोडा.)

तुमचा पाना माझ्या बॅगेत राहिलाय. न्यायला याल तेव्हा हेडफोन घेऊन या, फायनल मिक्स ऐकायचंय.

तुमचा,
घड्याळ बघणारा दिग्दर्शक