तो मासा आमच्या अण्णांनी धरलेला नाही : फिनलंड सहलीबाबत तक्रार

प्रति,
मुख्य व्यवस्थापक, ग्राहक सेवा विभाग
(आपल्या सांगली शाखेमार्फत)

विषय : गोठलेल्या तळ्यावरची मासेमारी कबूल केल्याप्रमाणे न घडवल्याबद्दल, परवान्याच्या नावाखाली घेतलेल्या रकमेबद्दल आणि माझ्या वडिलांचा फोटो खोट्या मजकुरासह वापरल्याबद्दल.

महोदय,

जानेवारीच्या उत्तरार्धात आपल्या लॅपलंड (उत्तर फिनलंड) सहलीला मी आणि माझे वडील आलो होतो. परत आल्यावर आपल्या ग्राहक सेवा क्रमांकावर मी फोन केला, तेव्हा पलीकडून उत्तर आले, "मॅडम, मासा लागणं न लागणं निसर्गाच्या हातात असतं." म्हणून आता लेखी तक्रार देत आहे आणि पहिल्यांदाच स्पष्ट सांगते की, मासा लागला नाही ही माझी तक्रार नाही.

माझे वडील, आमचे अण्णा, हरिपूरचे. कृष्णा आणि वारणा जिथे मिळतात त्या संगमावर ते लहानपणापासून गळ टाकत आले. पाटबंधारे खात्यातली नोकरी, शेती, आमची शिक्षणे हे सगळे सांभाळून सुट्टीची पहाट नदीवरच जायची. बांबूची काठी, तंगूस (गळाची दोरी), शिशाचा तुकडा, खूण म्हणून मोरपिसाची काडी आणि डब्यात कणकेच्या गोळ्या, एवढाच त्यांचा सरंजाम. कितीतरी वेळा ते रिकाम्या हाताने घरी आले आहेत आणि त्याबद्दल त्यांनी नदीला कधी बोल लावलेला नाही. अशा माणसाला मासेमारीत नशीब असते हे आपण शिकवू नये.

सहल ठरवताना युरोपातल्या दुसऱ्या सहली स्वस्त होत्या. तरी आम्ही हीच घेतली, ती आपल्या माहितीपत्रकातल्या एका पानामुळे. गोठलेल्या तळ्यावर अनुभवी स्थानिक गाईडसोबत तीन तास, लहान गट, स्वतः बर्फाला भोक पाडण्याची संधी, बसायला उबदार तंबू आणि मिळालेला मासा तिथेच शेकोटीवर भाजून जेवण, असे त्यात छापले आहे. शाखेतल्या प्रतिनिधींना मी दोनदा विचारले की, वडील सत्तरी ओलांडलेले आहेत, त्यांना हे खरोखर करायला मिळेल ना. त्यांनी छातीठोकपणे हो सांगितले. अण्णांनी त्या पानाची घडी करून खिशात ठेवली होती.

प्रत्यक्षात काय झाले ते सांगते. त्या दिवशी सकाळी आपली दुसरी बॅच आमच्या बसमध्ये मिसळली. निघायला उशीर झाला. लॅपलंडमध्ये त्या दिवसांत सूर्य जेमतेम चार-पाच तास वर असतो, तोही क्षितिजाला टेकून, त्यामुळे तिथे सकाळचा एक तास वाया जाणे म्हणजे दिवसाचा मोठा तुकडा गेला. तळ्यावर पोचलो तेव्हा उणे 22 अंश तापमान होते. लहान गट म्हणून कबूल केलेले होते, तिथे बसभर माणसे आणि गाईड एक. तंबू नव्हता. भोके आधीच पाडून ठेवलेली होती आणि आम्ही पोचेपर्यंत त्यांवर नवा बर्फ धरला होता. तो बर्फाचा चुरा काढून भोक मोकळे ठेवायला झाऱ्यासारखे एक साधन लागते. सगळ्यांत मिळून ते एकच होते, आणि ते हातात यायची वाट बघत माणसे उभी होती. हाताने फिरवायचे मोठे गिरमिट बाजूला बर्फात रोवून ठेवलेले. अण्णांना ते फिरवून बघायचे होते. टूर मॅनेजर म्हणाले, "काका, राहू दे, वेळ नाही."

बुटांबद्दल बोललेच पाहिजे. अण्णांना दिलेले बूट एक नंबर लहान होते. दुसरी जोडी मागितली तर शिल्लक नाही म्हणून सांगण्यात आले. घट्ट बुटात पाय जास्त गारठतो, कारण आत हवेचा थर राहत नाही आणि रक्त नीट फिरत नाही. ही त्या प्रदेशात सहली नेणाऱ्या कंपनीला ठाऊक असायलाच हवी अशी गोष्ट आहे. रात्री हॉटेलवर मोजे काढले तेव्हा त्यांच्या दोन्ही अंगठ्यांची टोके पांढरी पडली होती. कोमट पाण्यात बराच वेळ पाय ठेवल्यावर रंग परत आला. तोवर माझ्या जिवात जीव नव्हता.

त्या स्थानिक गाईडबद्दल मात्र माझी एका शब्दाची तक्रार नाही. एवढ्या गर्दीतही त्याने अण्णांची उत्सुकता ओळखली. रेनडियरचे कातडे अंथरून त्यांना बसवले आणि स्वतः गुडघ्यावर बसून दाखवले. हातभर लांबीची काठी, गळाला चमकणारा धातूचा बारीक मासा. हे आमिष खाली सोडत जायचे, तंगूस सैल पडली की तळ लागला, मग वीतभर वर घ्यायचे आणि मनगटाने हलकेच हिसका देऊन थांबायचे. तो समजावत होता आणि मी मराठीत सांगत होते. पाणी 4 अंशांना सर्वांत जड असते, म्हणून त्यातल्या त्यात ऊबदार पाणी तळाशी बसते आणि बर्फ वर तरंगतो. मासे खालीच थांबतात, अंगातली शक्ती राखून असतात, झडप घालत नाहीत, नुसते चाचपतात. तो पर्चबद्दल सांगत होता, अंगावर उभे पट्टे असलेला, पाठीला काटे असलेला मासा. अण्णांनी मध्येच मान हलवली आणि म्हणाले, "आपल्याकडंबी थंडीत मासा तळच धरतो. ह्याला सांग, मला कळलं." त्या दोघांना एकमेकांची भाषा येत नव्हती, पण गाईडने त्यांचे बोट धरून तंगुशीवर टेकवले आणि ते दोघेही गप्प बसले. अख्ख्या सहलीत अण्णांचा चेहरा असा मी दुसऱ्यांदा पाहिला नाही.

आणि शिट्टी वाजली. तळ्यावर येऊन अर्धा तास झाला असेल नसेल. बस सुटणार, पुढे खरेदीचा थांबा आहे, उशीर होतोय. अण्णांचा हात आत्ता कुठे स्थिर झाला होता. मी टूर मॅनेजरना माहितीपत्रकाचे पान दाखवले. ते म्हणाले, तीन तासांत जाण्यायेण्याचा वेळ धरलेला असतो. असे त्या पानावर कुठेही लिहिलेले नाही, आपण स्वतः वाचून पाहावे. सुस्त माशाला, चाचपत येणाऱ्या माशाला अर्धा तास देणे म्हणजे काहीच न देणे, हे मासेमारीतले ज्याला थोडे कळते तोही सांगेल. भाजलेल्या माशाच्या जेवणाऐवजी बसमध्ये कागदी वाटीतून सामन माशाचे गार झालेले सूप वाटले. शाकाहारी मंडळींना नुसता पाव.

आता फोटोकडे येते. निघताना टूर मॅनेजरनी एका खोक्यातून हातभर लांबीचा मासा काढला आणि एकेकाला हातात देऊन, गळाची काठी शेजारी धरायला लावून फोटो काढले. बहुतेकांनी हसतहसत काढून घेतले, त्यांना मी दोष देत नाही. अण्णांच्या हातातही त्यांनी तो कोंबला. अण्णांनी आधी काय केले असेल, तर कल्ला उचलून पाहिला. ताज्या माशाचा कल्ला लालभडक असतो. हा मातकट होता, डोळा पांढरा पडलेला, अंग लाकडासारखे कडक. "हा कालपरवाचा हाय," ते म्हणाले. तेवढ्यात फोटो निघाला होता.

तोच फोटो आज आपल्या कंपनीच्या जाहिरातीत आहे. खाली मजकूर असा की, सांगलीच्या आमच्या ज्येष्ठ पाहुण्यांनी लॅपलंडच्या गोठलेल्या तळ्यात पहिल्याच प्रयत्नात मासा पकडला. आमची परवानगी कोणी मागितली नाही. हरिपुरात तो फोटो फोनाफोनी फिरला. घाटावर अण्णांसोबत बसणारी, जन्मभर जाळे टाकणारी भोई मंडळी घरी आली, पेढे मागू लागली. अण्णा प्रत्येकाला सांगत बसले की, मासा माझा नव्हता, मी धरला नाही. गेले काही दिवस ते नदीवर गेलेले नाहीत. कारण विचारले तर म्हणाले, "लोक विचारत्यात. किती जणांना सांगू?" ज्या माणसाने मिळालेल्या माशाची लांबी कधी बोटभरही वाढवून सांगितली नाही, त्याच्या नावावर आपण खोटा मासा लावला. पैशाचे मी पुढे लिहिते, पण मला सर्वांत जास्त लागले आहे ते हे.

सुरक्षेबद्दल आपण लेखी उत्तर द्यावे अशी माझी मागणी आहे. गाईडच्या गळ्यात दोरीला बांधलेल्या टोकदार खिळ्यांच्या दोन मुठी होत्या. बर्फ फुटून माणूस पाण्यात पडला तर ते खिळे काठाच्या बर्फात रोवून स्वतःला वर ओढता यावे म्हणून त्या असतात. पाहुण्यांपैकी एकाच्याही गळ्यात त्या नव्हत्या, आणि त्या कशासाठी असतात हेही कोणी सांगितले नाही. माणसाने चालायला किमान 10 सेंटीमीटर स्वच्छ, पारदर्शक बर्फ लागतो असा सर्वसाधारण दंडक आहे. भुसभुशीत हिम मिसळून झालेला पांढरा बर्फ असेल तर त्याची ताकद निम्मीच धरतात. जानेवारीत तिथला बर्फ चांगला जाड असतो हे मला मान्य आहे, पण तळ्यावर सगळीकडे तो सारखा नसतो. ओढा जिथे तळ्यात येतो तिथे खाली पाणी वाहते राहते आणि बर्फ पातळ राहतो. नेमके त्याच बाजूला झाडे छान दिसतात म्हणून टूर मॅनेजरनी काही कुटुंबांना फोटोसाठी पाठवले. गाईड हातातले टाकून ओरडत धावला आणि त्याने सगळ्यांना मागे फिरवले. त्यांत दोन शाळकरी मुले होती. काही झाले नाही हे नशीब. पण या प्रकाराची नोंद आपल्याकडे आहे का, आणि त्या व्यक्तीला पुढच्या बॅचबरोबर पाठवण्याआधी आपण काय शिकवले, हे मला कळायला हवे.

बिलात "मासेमारी परवाना शुल्क" म्हणून माणशी 25 युरो वेगळे लावले आहेत. फिनलंडमध्ये रीळ लावून केलेल्या मासेमारीला सरकारी शुल्क आहे. पण बर्फातल्या भोकातून आखूड काठीने मासे धरायला, मनाई केलेल्या काही जागा आणि वाहत्या पाण्याचे काही पट्टे सोडले, तर कोणालाही पैसे द्यावे लागत नाहीत. तो तिथला सर्वांना असलेला जुना हक्क आहे, परदेशी पाहुण्यालाही तो लागू आहे. आम्ही तळ्यावर होतो, तेही त्याच आखूड काठ्या घेऊन. मग हे शुल्क कोणाला भरले? भरले असेल तर पावती पाठवावी. नसेल तर बसमधल्या प्रत्येकाचे पैसे परत करावेत, एकट्या माझे नव्हे.

आपल्या प्रतिनिधींनी फोनवर मला पुढच्या सहलीवर सवलतीचे कूपन देऊ केले. ते मला नको आहे. जाहिरातीतला फोटो सर्व ठिकाणांहून ताबडतोब काढावा आणि जिथे तो लावला होता तिथेच, त्यातला मासा माझ्या वडिलांनी पकडलेला नव्हता आणि फोटो विनापरवानगी वापरला होता, असे स्पष्ट मराठीत लिहावे. अण्णांच्या नावे माफीचे पत्र द्यावे. या कार्यक्रमापोटी आम्हा दोघांकडून घेतलेली पूर्ण रक्कम आणि परवान्याचे पैसे परत करावेत. आणि माहितीपत्रकातले ते पान एकतर खरे करावे, नाहीतर काढून टाकावे. आमच्यासारखे आणखी कोणी ते वाचून पैसे साठवत असतील.

हे पत्र मिळाल्यापासून 15 दिवसांत लेखी उत्तर आले नाही तर मी सांगलीच्या जिल्हा ग्राहक तक्रार निवारण आयोगाकडे जाईन. आपल्या अटींमध्ये वाद फक्त मुंबईत चालेल असे बारीक अक्षरात छापले आहे, ते मी वाचले आहे. ग्राहक संरक्षण कायदा, 2019 नुसार ग्राहकाला तो राहतो त्या जिल्ह्यात तक्रार दाखल करता येते, आणि आमच्या सहलीची रक्कम 5 लाखांच्या आत असल्याने त्यासाठी शुल्कही लागत नाही.

उत्तर अण्णांच्या नावे, मराठीतून पाठवावे. ते स्वतः वाचणार आहेत.

आपली,
(सही)
विश्रामबाग, सांगली

सोबत : माहितीपत्रकाच्या पानाची प्रत, बिलाची प्रत, जाहिरातीचे छायाचित्र, बुटांच्या तक्रारीचा टूर मॅनेजरना त्याच दिवशी पाठवलेला मेसेज.